नाही म्हटलं, मग पुढे काय?

आत्या गेल्यापासून ओळखीतल्या लोकांचे फोन येतात, कोणाची आई आयसीयूत असते कोणाचे सासरे, आणि सगळ्यांना एकच विचारायचं असतं की तुम्ही व्हेंटिलेटरला नाही कसं म्हणालात, एवढं धैर्य कुठून आणलं. म्हटलं एकदा सविस्तर लिहूनच काढावं, कारण फोनवर मी जे सांगते ते ऐकायच्या मनःस्थितीत ते नसतात. नाही म्हणायला धैर्य लागतं हे खरंय पण ते काम पाच मिनिटांचं असतं, कागदावर सही केली की झालं. खरं काम त्यानंतर सुरू होतं आणि त्याबद्दल कोणी बोलत नाही. माझं तर आता ठाम मत झालंय की ज्या घरात पुढचं सगळं करायची तयारी नाही त्यांनी घाईने नाही म्हणू नये, आणि ज्या हॉस्पिटलला किंवा सरकारला पुढचं काही द्यायचं नाही त्यांनी सन्मानाने मरायच्या हक्काच्या गोष्टी करू नयेत.

आत्या म्हणजे वडिलांची मोठी बहीण. लग्न केलं नाही, जन्मभर इंदूरच्या शाळेत गणित शिकवलं, रामबागेतल्या जुन्या घरात वर एकटी राहायची, खाली भाडेकरू जैन कुटुंब. पाठ दुखते पाठ दुखते म्हणून बरेच दिवस शेक घेत होती, मग कावीळ झाली आणि सोनोग्राफी-सीटी केल्यावर कळलं की स्वादुपिंडाचा कॅन्सर आहे आणि लिव्हरपर्यंत गेलाय. ऑपरेशनची वेळ निघून गेली होती. कावीळ उतरावी म्हणून पित्ताच्या नळीत स्टेंट, म्हणजे बारीक नळी, टाकला, केमोबद्दल डॉक्टर म्हणाले की देता येईल पण या वयात आणि या तब्येतीत फायदा फार थोडा, त्रास नक्की.

दादा पुण्याहून आला आणि आल्या आल्या त्याने मला बाजूला घेऊन सांगितलं, आत्याला काही सांगायचं नाही, ती खचेल. आपल्याकडे हे इतकं सहज होतं ना की त्यात काही चुकतंय असं कोणाला वाटतही नाही. रिपोर्ट नातेवाईकांच्या हातात, डॉक्टर नातेवाईकांशी बोलणार, आणि ज्याचं शरीर आहे तो माणूस पलंगावर पडून सगळ्यांच्या चेहऱ्यांवरून अंदाज बांधणार. आत्याने तिसऱ्याच दिवशी मला विचारलं, "किती दिवस म्हणतायत?" मी म्हटलं आत्या, महिने म्हणतायत, वर्ष नाही. ती थोडा वेळ गप्प बसली आणि मग म्हणाली, "मग दादाला सांग नाटकं बंद कर, मला बँकेची कामं आहेत." त्या दिवसापासून घरात मोकळं बोलणं सुरू झालं, दादासुद्धा रडला तिच्याजवळ बसून. मला वाटतं पुढे जे काही नीट झालं ते त्या एका संध्याकाळमुळे झालं, कारण तिला माहीत होतं म्हणूनच ती ठरवू शकली. ज्याला आपण आजारच सांगितला नाही त्याची इच्छा काय हे विचारणार तरी कसं?

तिची इच्छा अगदी स्पष्ट होती. नळ्या नकोत, मशीन नको, घरी मरायचंय, आणि "दुखू देऊ नका". या शेवटच्या वाक्यावर तिचा सगळ्यात जास्त जोर होता.

मग एका रात्री थंडी वाजून ताप आला, स्टेंटमधे इन्फेक्शन, बीपी खाली. प्रायव्हेट हॉस्पिटलमधे नेलं. तिथे आयसीयूतल्या डॉक्टरांनी फॉर्म पुढे केला, "सांस की दिक्कत हुई तो वेंटिलेटर पर लेना पड़ेगा, आप लोगों में से डिसीजन कौन लेगा?" आत्या दोन हातांच्या अंतरावर पडलेली, पूर्ण शुद्धीवर. मी म्हटलं, इन्हीं से पूछ लीजिए ना. त्यांनी तिच्याकडे पाहिलंसुद्धा नाही, म्हणाले घरवाले बताएं. तेव्हा आत्याच म्हणाली, "मेरा डिसीजन मैं लूँगी. अँटिबायोटिक दीजिए, वेंटिलेटर नहीं." शाळेत मागच्या बाकावरच्या मुलांशी बोलायची त्याच आवाजात.

इथे कायद्याचं जरा सांगते, कारण याबद्दल लोकांच्या डोक्यात खूप गोंधळ आहे. शुद्धीवर असलेल्या सज्ञान माणसाने एखादी ट्रीटमेंट नको म्हटलं तर तो त्याचा हक्क आहे, त्यासाठी वेगळा कुठला कागद लागत नाही. लिव्हिंग विल, म्हणजे पुढे कुठले उपचार नकोत ते आधीच लिहून ठेवलेलं इच्छापत्र, लागतं ते बोलायची-ठरवायची शक्ती गेल्यावर. केईएमच्या नर्स अरुणा शानबाग आठवत असतील, १९७३ च्या नोव्हेंबरमधे त्यांच्यावर हल्ला झाला आणि २०१५ च्या मे महिन्यात न्यूमोनियाने त्या गेल्या, मधली ४१ वर्षं भान हरपलेल्या अवस्थेत त्याच हॉस्पिटलच्या वॉर्डात. त्यांना आता जाऊ द्यावं म्हणून केलेल्या अर्जावर सुप्रीम कोर्टाने २०११ मधे त्यांच्या बाबतीत नकार दिला, कारण केईएमच्या नर्सना त्या हव्या होत्या, पण काही अटींवर जीवनरक्षक उपचार थांबवता येतील हे मान्य केलं. मग ९ मार्च २०१८ ला पाच न्यायाधीशांच्या बेंचने सन्मानाने मरण हा घटनेतल्या कलम २१ चा, म्हणजे जगण्याच्या हक्काचाच भाग आहे असं म्हटलं आणि लिव्हिंग विलला मान्यता दिली. तेव्हा ते मॅजिस्ट्रेटसमोर करावं लागायचं, ते कोणालाच जमेना, म्हणून २०२३ च्या जानेवारीत कोर्टाने सोपं केलं, आता दोन साक्षीदार आणि नोटरी किंवा गॅझेटेड ऑफिसर पुरतो. वेळ आल्यावर हॉस्पिटलचं एक मेडिकल बोर्ड आणि नंतर दुसरं बोर्ड, ज्यात जिल्ह्याच्या सीएमओने, म्हणजे मुख्य वैद्यकीय अधिकाऱ्याने नेमलेला डॉक्टर असतो, दोघांनी पाहून मत द्यायचं. इंजेक्शन देऊन जीव घेणं मात्र आजही गुन्हाच आहे, आणि लोक या दोन गोष्टी सरसकट एकत्र करतात.

आत्याचा ताप उतरला. पण तिला परत तिथे राहायचं नव्हतं आणि आम्ही घरी न्यायचं म्हटल्यावर त्यांनी डॉक्टरांच्या सल्ल्याविरुद्ध नेतो आहोत अशा फॉर्मवर सही घेतली, ज्याला सगळे लामा म्हणतात. आणि लामा झालं की हॉस्पिटलचा हात सुटतो. डिस्चार्जच्या कागदावर दुखण्याचं औषध म्हणून पॅरासिटामॉल. स्वादुपिंडाच्या कॅन्सरला पॅरासिटामॉल! रात्री काही झालं तर कोणाला फोन करायचा, शेवटी त्रास झाला तर काय द्यायचं, घरीच वारली तर मृत्यूचं सर्टिफिकेट कोण देईल, यातलं एक अक्षर कोणी सांगितलं नाही. स्ट्रेचर गेटपर्यंत आणून दिला आणि झालं. मला त्याचा राग अजून आहे आणि तो जाऊ नये असं मला वाटतं, कारण उपचार थांबवणं आणि काळजी घेणं थांबवणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत हे ज्यांनी आम्हाला शिकवायचं तेच ते विसरले होते.

घरी आल्यावर पहिल्या काही रात्री फार वाईट गेल्या. तिला आडवं होता येत नव्हतं, पुढे उशी घेऊन त्यावर वाकून बसायची, दात आवळून. ट्रामाडॉल नावाच्या दुखण्याच्या गोळीने थोडा वेळ बरं वाटायचं मग पुन्हा तेच. मॉर्फिनसाठी मी मेडिकल स्टोअर पालथी घातली, कोणी सरळ नाही म्हणायचं, कोणी असं बघायचं जसं काही मी गर्द मागतेय.

आता ही गोष्ट मी माळव्यात बसून लिहितेय, म्हणून जास्त लागते. मंदसौर-नीमच इथून गाडीने काही तासांवर. माघ-फाल्गुनात गेलात तर पांढऱ्या अफूच्या फुलांची शेतं दिसतात, सरकारी पट्ट्यावर म्हणजे परवान्यावर केलेली, बोंडांना चिरा देऊन चीक गोळा करतात, तो सगळा सरकारजमा होतो आणि नीमचच्या सरकारी कारखान्यात त्यावर प्रक्रिया होते. पट्टे देणाऱ्या केंद्रीय नार्कोटिक्स खात्याचं मुख्यालय ग्वाल्हेरला. मॉर्फिन ज्यापासून निघतं ते आमच्या अंगणात पिकतं आणि आमच्याच म्हाताऱ्या माणसांना ते मिळत नाही. कारण १९८५ चा एनडीपीएस, म्हणजे अमली पदार्थांचा कायदा. व्यसन आणि तस्करी रोखायला केला, ते बरोबरच होतं, पण नियम इतके कडक आणि परवाने इतके की हॉस्पिटलांनी मॉर्फिन ठेवणंच सोडून दिलं, पुढच्या बारा वर्षांत देशातला औषधी वापर सुमारे ९७ टक्क्यांनी खाली आला. डॉक्टरांची एक पूर्ण पिढी मॉर्फिन हातात न घेता शिकली. २०१४ मधे कायदा बदलला, मान्यताप्राप्त संस्थेला आता एकाच परवान्यावर ही औषधं ठेवता येतात, पण जे हातातून गेलं ते कायदा बदलल्याने लगेच परत येत नाही ना.

शेवटी एका सरकारी दवाखान्यातल्या पेन क्लिनिकमधे मिळालं. तिथल्या डॉक्टर मॅडमनी आत्याची फाइल पाहिली आणि आधी मला बसायला सांगितलं, पाणी दिलं. दहा मिलिग्रॅमची छोटी गोळी, दर चार तासांनी, घड्याळ लावून, दुखायची वाट न बघता, आणि झोपताना किती द्यायची ते वेगळं लिहून दिलं म्हणजे मधे उठवावं लागणार नाही. सोबत पोट साफ व्हायचं औषध पहिल्या दिवसापासून, कारण मॉर्फिनने हमखास बद्धकोष्ठ होतं आणि ते औषध विसरलात तर पेशंट मॉर्फिनच नको म्हणतो. दादाने फोनवर विचारलं सवय लागली तर? मॅडम म्हणाल्या कॅन्सरच्या दुखण्याला नीट डोस दिला तर त्या अर्थाने व्यसन लागत नाही, आणि आता यांच्या बाबतीत ती काळजी करायची का. गोळ्या कुलुपात ठेवायच्या, मोजून वहीत लिहायच्या. मी आत्याचीच एक चौकटीची गणिताची वही घेतली.

दुसऱ्या दिवशी सकाळी आत्या मला म्हणाली, "अगं, काल मी कुशीवर झोपले होते का?" मी म्हटलं हो, उजव्या कुशीवर, घोरतसुद्धा होतीस. तिला ते खरंच वाटेना. मग तिने चहा मागितला आणि खालच्या जैन काकूंच्या नातवाला वर बोलावून त्याची सहामाहीची पेपरं पाहिली. यानंतर ती काही आठवडे जगली आणि त्यातले बरेच दिवस खरे दिवस होते, माणसं येऊन बसायची, ती ऐकायची, मधेच कोणाचं तरी बोलणं दुरुस्त करायची. हे दिवस व्हेंटिलेटरला नाही म्हटल्यामुळे मिळाले नाहीत, गोळीमुळे मिळाले.

मग खाण्यावरून भांडण झालं. ती हळूहळू खायची बंद झाली, आधी पोळी गेली, मग मऊ भात, मग नुसतं सार नाहीतर पेज, मग तीही दोन चमचे घेतल्यावर तोंड फिरवायची. दादा म्हणाला राइल्स ट्यूब टाकू, नाकातून पोटात जाते ती नळी. मी म्हटलं तिने नाही सांगितलंय. तो म्हणाला, "म्हणजे उपाशी मारायची का तिला?" या वाक्याला काय उत्तर द्यायचं ते आजही मला एका ओळीत सांगता येत नाही. आपल्या घरात माया म्हणजे ताट वाढणं, दारात आलेल्याला उपाशी पाठवत नाही आपण, आणि इथे आपलं माणूस न खाता पडलंय आणि आपण चमचा खाली ठेवायचा. पेन क्लिनिकच्या मॅडमनी दादाशी बराच वेळ फोनवर बोलून समजावलं, की शरीर बंद व्हायला लागतं तेव्हा भूक आधी जाते, ते अन्न आता पचणार नाही, नळीने बळेच घातलं तर उलटी, फुफ्फुसात जायची भीती, पोट फुगणं. ती खात नाही म्हणून जात नाहीये, जातेय म्हणून खात नाहीये. जैन काकूंना हे आमच्यापेक्षा आधी कळलं होतं. त्यांच्याकडे संथारा, म्हणजे मरण जवळ आल्यावर अन्न-पाणी सोडायचं जैनांचं व्रत, पाहिलेला, २०१५ मधे राजस्थान हायकोर्टाने संथाऱ्यावर बंदी घातली आणि त्याच महिन्यात सुप्रीम कोर्टाने त्या निकालाला स्थगिती दिली तेव्हा इंदुरात किती चर्चा होती ते त्या सांगायच्या. आत्याचं व्रतबित काही नव्हतं हं, देवधर्म ती फारसं मानायचीच नाही. पण विनोबांनी १९८२ च्या नोव्हेंबरमधे पवनारला अन्न-पाणी-औषध सोडलं ते तिला पटलं होतं, ती म्हणायची त्यांना थांबायचं कुठे ते समजलं.

मग खायला घालायच्या जागी आम्हाला दुसरं काम मिळालं आणि दादाला त्याने बरं वाटलं. गॉज पाण्यात भिजवून, पिळून, बोटाला गुंडाळून तिच्या जिभेवरून, गालाच्या आतून हलकेच फिरवायचा, ओठांना बोटभर साजूक तूप. दर तासा-दोन तासांनी. तोंड कोरडं पडतं त्याचा त्रास तहानेपेक्षा जास्त असतो. दादा हे इतकं मन लावून करायचा की आत्याने एकदा डोळे न उघडता त्याचा हात थोपटला.

पण एक गोष्ट स्पष्ट लिहायला हवी. घरी नेऊ, घरीच शांतपणे जाऊ दे, असं म्हणायला सगळे पुढे असतात, आणि मग कुशीवर वळवणं, चादर बदलणं, डायपर, बेडसोअर होऊ नये म्हणून पाठ बघणं, हे सगळं घरातल्या बायांच्या वाट्याला येतं. माझी नोकरीतली रजा संपली, बिनपगारी घेतली. रात्रीसाठी एजन्सीची बाई ठेवली, तिचे पैसे आत्याच्या पेन्शनमधून देता आले म्हणून जमलं, सगळ्यांना ते जमणार नाही. घरी मरण यावं असं ठरवताना घरात कोण जागणार हे त्याच बैठकीत ठरलं पाहिजे, तेही नावानिशी. केरळात हे फक्त घरच्यांवर सोडलेलं नाही. १९९३ मधे कालिकतला डॉ. राजगोपाल आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी सुरुवात केली, नंतर गल्लीतले शिकवलेले स्वयंसेवक आणि नर्स घरी यायला लागले, २००८ मधे राज्याने पॅलिएटिव्ह केअरचं, म्हणजे आजार बरा होणार नसला तरी त्रास कमी करायच्या काळजीचं, धोरणच केलं. आमच्या इंदुरात स्वच्छतेसाठी सगळं शहर एका सुरात उभं राहतं हे मी पाहिलंय, त्यामुळे इथे हे होणारच नाही असं मी म्हणणार नाही, फक्त कोणी मनावर घेतलेलं नाही.

शेवटी शेवटी गोळी गिळता येईना. मॅडमनी एका नर्सला पाठवून दंडाच्या कातडीखाली बारीक सुई बसवून दिली आणि मला इंजेक्शन द्यायला शिकवलं, डोस लिहून. तेव्हा दादाने जे विचारलं ते प्रत्येकाच्या मनात असतं आणि कोणी विचारत नाही, "याने ती जाईल का?" मॅडम म्हणाल्या, दुखणं कमी होईल एवढाच डोस आहे, आधी गोळीतून चालू होता त्याच हिशोबाने, आजार तिला नेतोय, औषध नाही, आणि आपला हेतू काय आहे ते तुम्हालाही माहितीय मलाही. नंतर घरघर लागली. तो आवाज ऐकून वाटतं माणूस गुदमरतोय, पण घशातली थुंकी गिळायची-खाकरायची ताकद नसते म्हणून तो आवाज येतो, पेशंटला तोपर्यंत त्याची जाणीव फारशी नसते. एका कुशीवर वळवलं, उशी थोडी उंच केली, आवाज कमी झाला. हे आधी सांगून ठेवलं नसतं तर मी त्या क्षणी अॅम्ब्युलन्स बोलावली असती आणि आत्या पुन्हा त्याच आयसीयूत पोचली असती, तोंडात नळी, छातीवर दाब, म्हाताऱ्या हाडांच्या फासळ्या मोडेपर्यंत. मला वाटतं बहुतेक घरांत हेच होतं. लोकांचं ठरलेलं असतं, पण घरघर ऐकली की ठरलेलं सगळं कोसळतं, कारण ती काय असते हे कोणी सांगितलेलं नसतं.

शेवटचं इंजेक्शन मी दिलं. त्यानंतर तासाभराने ती गेली. हे मी मुद्दाम लिहितेय, कारण अशी वेळ ज्यांच्यावर आली ते वर्षानुवर्षं स्वतःलाच विचारत बसतात. कोणता तरी डोस शेवटचा असणारच होता. मी तो दिला नसता तर ती तेव्हाच गेली असती, फक्त दुखत गेली असती.

फॅमिली डॉक्टरांना आधीच सांगून ठेवलं होतं, ते पहाटे येऊन सर्टिफिकेट देऊन गेले, घरी मृत्यू झाला तर मृत्यूचं कारण लिहिलेला हा कागद लागतो आणि नगर निगममधे २१ दिवसांत नोंद करायची असते. तिचे डोळे दिले. कॅन्सर असला तरी बहुतेक वेळा कॉर्निया घेता येतो, पण सहा तासांच्या आत, त्यामुळे आय बँकेचा नंबर आधीच भिंतीवर लावलेला बरा. उरलेलं मॉर्फिन मोजून, वही दाखवून, मी पेन क्लिनिकमधे परत केलं.

जे फोन करतात त्यांना म्हणून मी आता उलटे प्रश्न विचारते. पेशंटला आजार सांगितलाय का? दुखायला लागलं तर औषध कोण लिहून देणार? रात्री कोण जागणार, दिवसा कोण? रात्री दोन वाजता उचलणारा एक तरी डॉक्टर आहे का? याची उत्तरं नसतील तर आधी ती शोधा, तोपर्यंत हॉस्पिटलमधेच ठेवा, त्यात काही कमीपणा नाही. आणि हॉस्पिटलमधेसुद्धा पॅलिएटिव्हवाले आहेत का असं विचारा, आणि छातीवर दाब देऊ नये अशी नोंद करायची असेल तर डीएनएआर म्हणा, आयसीएमआरने, म्हणजे सरकारच्या वैद्यकीय संशोधन परिषदेने, २०२० मधे त्याच्या मार्गदर्शक सूचना काढल्यात, म्हणजे तुम्ही काही जगावेगळं मागत नाही आहात हे समोरच्याला कळतं. लामावर सही करायची वेळ आलीच तर दुखण्याचं औषध लिहून घेतल्याशिवाय गेटबाहेर पडू नका.

माझं स्वतःचं लिव्हिंग विल लिहून झालंय. नळ्या-मशीनपेक्षा त्यात दुखण्याच्या औषधाबद्दलच जास्त लिहिलंय, आणि माझ्या वतीने बोलायला नवऱ्याबरोबर दादाचंही नाव टाकलंय, एकापेक्षा जास्त नावं आता चालतात. साक्षीदार शक्यतो घरातले नसावेत म्हणून एक ऑफिसमधली मैत्रीण आहे आणि दुसऱ्या जैन काकू, त्या म्हणाल्या पर्युषण होऊ दे, मग जाऊ नोटरीकडे, आणि माझंही तेव्हाच करून टाकू.